शहामृगावरचा साहेब आणि उन्हावरचा पंप

दिवाळी अंकात या पानावर मिरजेतल्या एका घरातलं चित्रकार्ड छापलं होतं. कोट-टोपीतला एक साहेब शहामृगाच्या पाठीवर बसलाय, मागं फळ्यांचं कुंपण, आणि खाली इंग्रजीत साउथ पॅसाडेना, कॅलिफोर्निया. कार्ड छापलं आणि पत्रं सुरू झाली. साताऱ्यापासून जतपर्यंतच्या लोकांना शहामृगात एवढा रस असेल असं वाटलं नव्हतं. म्हणून बाकीची पत्रं बाजूला ठेवून या वेळी सगळं पान दक्षिण कॅलिफोर्नियाला देतोय. नव्या वाचकांसाठी एवढंच, की मी मिरजेच्या आरएमएसमध्ये, म्हणजे रेल्वेच्या टपाल खात्यात, सॉर्टिंगला होतो. तिथली सवय अशी की कार्ड आधी मागून बघायचं, मग पुढून.

प्रश्न : कार्ड आमच्याच घरातलं. आजोबा मिशनच्या दवाखान्यात कंपाउंडर होते, त्यांच्या ट्रंकेत सापडलं. आता घरात दोन पक्ष पडलेत. आमचे थोरले बंधू म्हणतात, फोटो स्टुडिओत जुळवलेला आहे, शहामृगावर माणूस बसूच शकत नाही. खरं काय? आणि हे कार्ड मिरजेत आलं कसं?
(एक वाचक, ब्राह्मणपुरी, मिरज)

उत्तर : थोरल्यांना सांगा, माणूस बसतो. पूर्ण वाढलेला नर शहामृग शंभर-सव्वाशे किलोचा असतो, हलक्या अंगाचा माणूस तो पेलतो. मात्र तुमच्या कार्डात पक्ष्याचे पाय बघा. दोन्ही जमिनीला टेकलेत. डाव्या कडेला एक माणूस अर्धा कापला गेलाय आणि त्याचा हात पक्ष्याच्या पंखाकडं आहे. म्हणजे पाहुण्याला घटकाभर वर बसवलं, फोटो काढला, उतरवलं. पळत्या शहामृगावर बसायचं ते तिथल्या सरावाच्या लोकांनी. शहामृग जुंपलेली छोटी गाडीही होती. तिची कार्डं तर ढिगानं निघाली.

ही जागा म्हणजे कॉस्टनचा शहामृग फार्म. एडविन कॉस्टन हा इंग्रज गृहस्थ. त्यानं १८८० च्या दशकात दक्षिण आफ्रिकेतून पन्नासएक शहामृग जहाजानं टेक्सासला आणि तिथून रेल्वेनं कॅलिफोर्नियात नेले. वाटेत निम्म्याहून जास्त दगावले. उरलेल्यांवर त्यानं धंदा उभा केला, आणि १८९६ मध्ये साउथ पॅसाडेनाचा फार्म लोकांना बघायला खुला झाला. लॉस एंजेलिसहून पॅसाडेनाला जाणाऱ्या विजेच्या ट्रामनं थेट तिथं उतरता यायचं.

धंदा मुळात पिसांचा. त्या काळी युरोप-अमेरिकेतल्या बायकांची हॅट शहामृगाच्या पिसाशिवाय पुरी होत नसे. पहिल्या महायुद्धाआधी दक्षिण आफ्रिकेच्या निर्यातीत सोनं, हिरे आणि लोकर यांच्या खालोखाल नंबर या पिसांचा होता. पिसांसाठी पक्ष्याला मारत नाहीत. त्याला एका निमुळत्या, तिकोनी कोंडवाड्यात घालतात आणि डोक्यावर लांब मोजा चढवतात. एरवी एका लाथेत माणसाचं पोट फाडणारा हा पक्षी डोळ्यांपुढं अंधार झाला की गप्प उभा राहतो. मग मोठी पिसं कात्रीनं कापायची. मागं राहिलेली खुंटं पुढं वाळून गळतात आणि नवी पिसं येतात. हे सगळं पाहुण्यांच्या डोळ्यांदेखत चालायचं, आणि आवारातच दुकान होतं. पंखे, गळ्यातले बोआ, हॅटची पिसं, जे हवं ते घ्या. नसेल आज जमत तर कॅटलॉग न्या, टपालानं माल येईल. म्हणजे गिऱ्हाईक स्वतःच्या पैशानं तिकीट काढून जाहिरात बघायला यायचं. कॉस्टनची खरी हुशारी पक्षी पाळण्यात नव्हती, यात होती. १९१४ च्या सुमारास पिसांची फॅशन बसली, पण फार्म बघ्यांच्या जिवावर १९३५ पर्यंत तगला.

आता कार्डाची मागची बाजू. मधोमध उभी रेघ आहे, डावीकडं मजकूर, उजवीकडं पत्ता. अमेरिकेत ही मुभा १ मार्च १९०७ पासून मिळाली. त्याआधी मागं फक्त पत्ता लिहायचा आणि चार शब्द लिहायचे तर ते पुढं चित्राच्या कडेला. तेव्हा तुमचं कार्ड १९०७ नंतरचं, हे नक्की. तिकीट दोन सेंटचं आहे, परदेशी जाणाऱ्या कार्डाचा तो दर. देशातल्या देशात एक सेंट पुरायचा.

मिरजेचं मिशन अमेरिकन प्रेस्बिटेरियन. दवाखाना डॉ. विल्यम वानलेस यांनी १८९४ मध्ये सुरू केला. मिशनची मंडळी रजेवर मायदेशी गेली की तिकडून इथल्या लोकांना कार्डं टाकायची. तुमच्या कार्डावर सहीआधी ‘मिस’ आहे, तेव्हा एखाद्या नर्सबाईंनी आजोबांना आठवणीनं पाठवलेलं दिसतंय. योगायोग असा, की खुद्द वानलेससाहेब १९२८ मध्ये मिरज सोडून गेले ते कॅलिफोर्नियात ग्लेंडेलला, म्हणजे पॅसाडेनाच्या शेजारीच, आणि १९३३ मध्ये तिथंच वारले. रोज वानलेसवाडीवरून सांगली-मिरज करणाऱ्यांपैकी कितीजणांना हे ठाऊक असेल?

प्रश्न : शेतात नुकताच सौर पंप बसवला. मुलगा म्हणतो, तुमच्या त्या शहामृगाच्या फार्मवर १९०१ सालीच उन्हावर पंप चालत होता. मोबाइलवर फोटोही दाखवला. भलंमोठं काहीतरी दिसतंय, पण माझा विश्वास बसत नाही. त्या काळी पॅनेल कुठलं आलं?
(द्राक्ष बागायतदार, पलूस)

उत्तर : पॅनेल नव्हतंच, पण पंप होता. मुलगा बरोबर आहे.

ऑब्री एनियस नावाच्या इंजिनियरनं ते यंत्र १९०१ मध्ये कॉस्टनच्या फार्मवर उभं केलं. एक अवाढव्य छत्री उलटी उघडून सूर्याकडं तोंड करून ठेवलीय असं समजा. वरचं तोंड साडेतेहतीस फूट रुंद. आतल्या बाजूनं १,७८८ आरसे. छत्रीच्या दांडीच्या जागी लांबोळा काळा बॉयलर, त्यात शंभर गॅलन पाणी. सगळा डोलारा लोखंडी सांगाड्यावर तोललेला आणि घड्याळाच्या यंत्रणेला जोडलेला, त्यामुळं दिवसभर तो सूर्याच्या मागं आपोआप फिरायचा. आरशांवरचं सगळं ऊन बॉयलरवर एकवटायचं, पाण्याची वाफ व्हायची, वाफेवर इंजिन आणि इंजिनावर पंप. दिवस उगवल्यावर तास-दीड तासानं यंत्र सुरू व्हायचं आणि मावळायच्या अर्धा तास आधीपर्यंत चालायचं. कोळसा नाही, लाकूड नाही.

पाणी किती? मिनिटाला १,४०० गॅलन. अमेरिकन गॅलन पावणेचार लिटरचा, म्हणजे मिनिटाला ५,३०० लिटरच्या आसपास. आकडा ऐकून हुरळून जाऊ नका. इंजिनाची ताकद दहाएक अश्वशक्ती धरली, तर मिनिटाला एवढं पाणी काही केलं तरी अठ्ठावीस फुटांच्या वर चढत नाही. हे कागदावरचं गणित झालं. पंपाची आणि पाइपाची घट धरली की निम्म्यावर आलंच. म्हणजे पाणी उथळ होतं आणि भरपूर होतं. पलूसच्या विहिरीला नाहीतर बोअरला हा हिशेब लागू नाही.

तुमच्या शेजारी कुंडलच्या निवडुंगाच्या माळावर लक्ष्मणराव किर्लोस्करांनी कारखाना मांडला तो १९१० मध्ये. त्याच्या नऊ वर्षं आधीची ही गोष्ट. आपल्याकडं तेव्हा मोटच होती, आणि तिकडंही बहुतेकांकडं सौर इंजिन नव्हतंच. मग ते पसरलं का नाही? एक तर किंमत. १९०३ मध्ये ॲरिझोनातल्या मेसा गावच्या डॉ. चँडलर यांनी यंत्र घेतलं ते २,१६० डॉलरला. त्या वेळच्या हिशेबानं साडेसहा हजार रुपयांच्या पुढं. एवढ्यात साधी वाफेची इंजिनं दोन-तीन आली असती. दुसरं कारण तुम्हाला जास्त पटेल. मेसाचं यंत्र थोड्याच दिवसांत वादळी वाऱ्यात कोसळलं, आणि ॲरिझोनातल्याच आणखी एका शेतावरचं यंत्र गारपिटीत फुटलं. आरशांची बाग आणि गारा. द्राक्षवाल्याला पुढचं सांगायला नको. तुमच्या पॅनेलमध्ये वाफ नाही, बॉयलर नाही, हलणारा भाग पंपापाशीच. उजेड पडला की थेट वीज. एनियसच्या यंत्रात आणि तुमच्या पंपात ऊन सोडलं तर सामाईक काही नाही.

आता माझं मत. एवढं यंत्र शेतकऱ्यांना विकायचं होतं तर शेतात मांडायला हवं होतं. एनियसनं ते मांडलं शहामृगांच्या आवारात, जिथं रोज ट्राम भरून पर्यटक उतरत होते. त्यात अमेरिकेच्या पूर्वेकडचे पैसेवाले असायचे, हिवाळा टाळायला आलेले. अशा माणसाला आधी शहामृग दाखवायचा, मग उन्हावर चालणारं इंजिन दाखवायचं, म्हणजे या मुलखात ऊनसुद्धा कामाला लागतं हे त्याच्या मनावर ठसतं. दक्षिण कॅलिफोर्नियाकडं तेव्हा विकायला खरा माल एकच होता, ऊन. बाकी सगळी त्याची पुडकी.

प्रश्न : तुमचं पान वाचून बहिणीनं तिच्याकडचं एक कार्ड पाठवलं. पाच-सहा लहान मुलं मगरींच्या पाठीवर बसलीत आणि हसतायत. आमच्याकडं कृष्णेत मगर दिसली की घाट ओस पडतो. हे खोटंच ना? वर्गात दाखवायचं म्हणते, पण भीती वाटते.
(प्राथमिक शिक्षिका, भिलवडी)

उत्तर : बाई, कार्ड खरं आहे. प्राणी मात्र आपला नाही. कार्डातल्या प्राण्याचा मिटलेला जबडा भिंगातून बघा. खालचा मोठा दात बाहेर दिसत नसेल तर तो ॲलिगेटर. आपल्या मगरीचा खालचा चौथा दात तोंड मिटल्यावरही बाहेर दिसतो.

लॉस एंजेलिसचा ॲलिगेटर फार्म १९०७ मध्ये सुरू झाला, तिथल्या ईस्टलेक पार्कजवळ. त्याच पार्कला आता लिंकन पार्क म्हणतात. ॲलिगेटर कॅलिफोर्नियाचे नव्हेतच, ते फ्लोरिडा-लुइझियानाच्या दलदलीतले. आणून पाळले, कारण बघायला माणूस येतो. तिकीट पंचवीस सेंट, आपले बारा आणे. उंच घसरगुंडीवरून ॲलिगेटर खाली पाण्यात सोडायचे, तो सगळ्यांचा आवडता खेळ. तळी वयाप्रमाणं वेगळी केलेली, कारण थोरला धाकट्याला खातो. मुलांना पाठीवर बसवून फोटो काढायचे ते पोटभर खाल्लेल्या, सुस्त पडलेल्या, माणसांना सरावलेल्या जनावरांवर. या प्राण्यांचे जबडा मिटायचे स्नायू जबर असतात आणि उघडायचे अगदीच कमजोर, हेही सांभाळणाऱ्याला माहीत असायचं. तरी मी माझं नातवंड बसवणार नाही. आणि तिथल्या दुकानात काय मिळायचं? ॲलिगेटरच्या कातड्याच्या पर्सा आणि पाकिटं. मुलाला ज्याच्यावर बसवलं त्याच्याच जातभाईची पर्स बायकोला घेऊन लोक घरी जायचे. फार्म १९५३ मध्ये ब्युएना पार्क गावी हलला आणि १९८४ मध्ये बंद झाला.

वर्गात दाखवा, खुशाल दाखवा. पण दाखवतानाच सांगा की कृष्णेची मगर रानटी आहे, थंडीत मळीवर उन्हाला पडलेली दिसते तेव्हा दगडासारखी वाटते आणि पाण्यात शिरली की दिसत नाही. औदुंबर-भिलवडीच्या पोरांना हे मी सांगावं असं नाही, पण कार्डातली हसरी मुलं बघून एखाद्याच्या डोक्यात भलतंच यायला नको. १९७२ च्या वन्यजीव कायद्यानं तिला पहिल्या अनुसूचीचं संरक्षण आहे, हेही फळ्यावर लिहा.

प्रश्न : मी साताऱ्याहून कास, ठोसेघर, महाबळेश्वर अशा एक दिवसाच्या सहली काढतो. त्या काळी अमेरिकेत असल्या पॅकेज टूर होत्या का? दर काय? आमच्या महाबळेश्वरला डोंगरी गाडी झाली नाही, तिकडं होती म्हणतात.
(सहल व्यावसायिक, सदर बझार, सातारा)

उत्तर : होत्या, आणि तुमच्यापेक्षा स्वस्त होत्या. सगळ्यात गाजलेली ‘बलून रूट’, कारण नकाशावर तिचा मार्ग फुग्यासारखा दिसायचा. १९०१ च्या सुमाराची. विजेची ट्राम सकाळी लॉस एंजेलिसहून निघायची. वाटेत हॉलिवूड, जे तेव्हा सिनेमाचं नव्हतं, बागांचं गाव होतं. तिथं पॉल द लाँगप्रे नावाच्या फ्रेंच चित्रकाराचा बंगला आणि त्याची फुलबाग बघायची. मग म्हाताऱ्या सैनिकांचा आश्रम, मग सँटा मोनिकाचा समुद्र, तिथला लांबच लांब धक्का, मग व्हेनिस, मग रेडोंडोचा किनारा, आणि संध्याकाळी परत. वाटेत एका थांब्यावर डब्यातल्या सगळ्यांचा ग्रुप फोटो. असे फोटो आजही जुन्या बाजारात सापडतात, बायकांच्या हॅटवर अर्थातच पिसं. दर एक डॉलर. जाहिरातीत शंभर सेंटात एकशे एक मैल असं असायचं.

डॉलरचा हिशेब करून देतो, तुम्हाला पुढंही लागेल. पौंडाला पंधरा रुपये आणि पौंडाला ४.८६ डॉलर असा तेव्हा ठरलेला भाव. म्हणजे डॉलर तीन रुपये आणि वर सव्वा आणा. सेंट अर्ध्या आण्याला. आपलं पोस्टकार्ड पाव आण्यात जायचं, त्यांचं अर्ध्या आण्याला पडायचं. तेवढ्यापुरते आपण स्वस्त.

व्हेनिस हे समुद्रकाठचं गाव ॲबट किन्नी नावाच्या सिगारेटवाल्यानं वसवलं आणि ४ जुलै १९०५ ला उघडलं. इटलीतल्या व्हेनिससारखे कालवे खणले, होड्या आणल्या, वल्हवणारेही इटलीचे आणले. पाहुणे होडीत बसायचे आणि दोन्ही काठांना प्लॉट विकायला ठेवलेले असायचे. पुढं मोटारी आल्या, रस्ते हवे झाले, आणि १९२९ मध्ये बहुतेक कालवे बुजवून टाकले.

तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर या प्लॉटांतच आहे. ट्रामचा सगळ्यात मोठा मालक हेन्री हंटिंग्टन. १९०१ मध्ये त्यानं पॅसिफिक इलेक्ट्रिक कंपनी काढली. जिथं रूळ टाकायचे तिथली जमीन आधी घ्यायची, मग रूळ, मग सहल, मग प्लॉट. सहलीच्या तिकिटावर त्याचं पोट नव्हतं. म्हणून डॉलरमध्ये दिवसभर फिरवणं परवडायचं. तुम्हाला डिझेल आणि ड्रायव्हरचा भत्ता तिकिटातूनच काढायचा आहे, तेव्हा तुलना करून स्वतःला दोष देऊ नका.

डोंगरी गाडी म्हणजे माउंट लो. पॅसाडेनाच्या डोक्यावरच्या डोंगरात प्रोफेसर थॅडियस लो यांनी ४ जुलै १८९३ ला ती सुरू केली. हा माणूस अमेरिकेच्या यादवी युद्धात फुग्यातून टेहळणी करणारा. आधी ट्रामनं रुबियो दरीत जायचं, तिथून पायऱ्यापायऱ्यांच्या बाकांची पांढरी उघडी गाडी दोरखंडानं वर ओढली जायची. कुठं कुठं शंभर फुटांत बासष्ट फूट चढ. पसरणीचा घाट त्यापुढं सपाट मैदान. वर सत्तर खोल्यांचं हॉटेल, शिकागोच्या जागतिक प्रदर्शनातला प्रचंड सर्चलाइट, आणि पुढं डोंगराच्या कडेकडेनं आणखी एक ट्राम, जिचा एक पूल चक्क गोल वळसा घेत हवेत लटकलेला. लो कर्जात बुडाले, हॉटेल १९०० मध्ये जळालं, हंटिंग्टननं १९०२ मध्ये लाइन घेतली, १९३८ च्या पुरानं ती संपवली.

आपल्याकडं नेरळ-माथेरान १९०७ ची. महाबळेश्वरला जाणारा तेव्हा वाठार स्टेशनला उतरायचा आणि टांग्यानं वाईवरून घाट चढायचा. आपल्या डोंगरावर साहेब थंडाव्याला जायचा, सावली शोधत. तिकडची सगळी गर्दी उन्हासाठी. त्यामुळं महाबळेश्वरला रस्ता पुरला.

प्रश्न : माझ्याकडच्या एका कार्डात पुढं संत्र्यांनी लगडलेली झाडं आणि मागं बर्फाचे डोंगर आहेत. दोन फोटो जोडलेत असं नवऱ्याचं म्हणणं. बर्फ पडतो तिथं संत्री कशी येतील?
(गृहिणी, वाई)

उत्तर : दोन्ही खरी, आणि एकाच वेळी खरी. बर्फ वर डोंगरात, बागा खाली सपाटीला. मागचा सगळ्यात उंच डोंगर बहुधा माउंट सॅन अँटोनियो, १०,०६४ फूट, आपल्या कळसूबाईच्या जवळजवळ दुप्पट. हिवाळ्यात तो पांढरा होतो. आणि तिथल्या बागांतलं नेव्हल जातीचं संत्रं पिकतं ते हिवाळ्यातच. त्यामुळं जानेवारीत झाडावर फळ आणि डोंगरावर बर्फ एका चौकटीत सापडतात. या जातीची कलमं १८७३ मध्ये रिव्हरसाइड गावात एलायझा टिबेट्स या बाईंनी आणली आणि सगळा उद्योग त्यांतून वाढला. इतका मान, की १९०३ मध्ये अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांच्या हस्ते त्यातलं एक मूळ झाड दुसरीकडं हलवून लावलं.

नवऱ्याच्या म्हणण्यात तथ्य रंगापुरतं आहे. फोटो काळा-पांढरा निघायचा, रंग छापताना चढवायचे. पहिल्या महायुद्धाआधी चांगली रंगीत कार्डं जर्मनीत छापून यायची. ज्यानं ते संत्रं केशरी केलं त्यानं ती बाग बघितलेली नसणार. शिवाय अशी कार्डं जायची शिकागो, बोस्टनच्या गारठलेल्या नातेवाइकांना. संत्रं जरा जास्तच केशरी करण्यात सगळ्यांचंच हित होतं.

प्रश्न : मुलगा लॉस एंजेलिसला असतो. मे महिन्यात आम्ही दोघं जातोय. यातलं काही बघायला उरलंय का? डिस्नेलँड नको आहे.
(निवृत्त बँक कर्मचारी, विश्रामबाग, सांगली)

उत्तर : शहामृग आणि ॲलिगेटर विसरा. शहरात एंजल्स फ्लाइट नावाची टेकडी चढणारी चिमुकली गाडी आहे, १९०१ ची, तेव्हा भाडं एक सेंट होतं. मधे बऱ्याचदा बंद पडली, आता चालू आहे. दोन डबे एकाच दोरावर, एक वर जातो तेव्हा दुसरा खाली. मिनिटभराचा प्रवास, पण गुडघे दुखणाऱ्यांना अगदी सोयीचा. व्हेनिसला थोडे कालवे उरलेत, काठानं चालत फिरता येतं. कॅटालिना बेटावर काचेच्या तळाच्या होड्या १८९० च्या दशकात सुरू झाल्या, त्या अजून निघतात. रिव्हरसाइडला टिबेट्सबाईंच्या मूळ दोन झाडांपैकी एक जिवंत आहे, रोगाच्या किड्यापासून वाचवायला जाळीच्या मांडवात ठेवलंय. पलूसकरांनी हे वाचावं. माउंट लोचे अवशेष डोंगरात चालत जाऊन बघता येतात, पण चढ खडा आहे आणि जानेवारी २०२५ च्या ईटन वणव्यात तो भाग होरपळलाय, तेव्हा वाट खुली आहे का ते मुलाला आधी विचारायला सांगा.

प्रश्न : आजोबा, तुम्ही फोनवर बाबांना सांगत होता की शहामृगाला अख्खं संत्रं खायला द्यायचे. ते त्याच्या घशात अडकत नव्हतं का?
(इयत्ता सहावी, तासगाव)

उत्तर : नाही रे बाळा. शहामृगाला दात नाहीत, तो काहीही अख्खंच गिळतो. त्याची मान लांब आणि गळा लवचीक. संत्रं गिळलं की मानेत एक फुगवटा येतो आणि तो हळूहळू खाली सरकत जातो, बाहेरून सरळ दिसतो. एकामागं एक तीन-चार संत्री दिली की तीन-चार फुगवटे रांगेनं उतरतात. लोक तेच बघायला यायचे, आणि त्याचीही कार्डं छापली होती. कोंबडीला मानेखाली चारा साठवायची पिशवी असते ना, तशी शहामृगाला नसते. खाल्लेलं खाली पोटात जातं आणि तिथं गिळलेले खडे ते दळतात. तुमच्या कोंबड्यांवर प्रयोग करू नकोस.

प्रश्न : अशा कार्डांची आज किंमत किती येईल? माझ्याकडं बरीच आहेत, काहींची तिकिटं सुटी करून ठेवावीत म्हणतो.
(एक वाचक, कऱ्हाड)

उत्तर : कॅलिफोर्नियाची छापील कार्डं तेव्हा हजारोंनी निघाली, त्यामुळं नुसत्या चित्राला फार भाव नाही. कार्डाला भाव येतो तो तिकीट, निघालेल्या गावाचा शिक्का, पोचल्याचा शिक्का आणि लिहिलेला मजकूर एकत्र असल्यामुळं, त्यातही आपल्याकडच्या गावाचा शिक्का स्पष्ट असेल तर. पाण्यात भिजवून तिकीट सोडवलंत की मागं डाग पडलेला पुठ्ठा उरतो आणि दोन सेंटचं तिकीट उरतं, जे कुणालाच नको असतं. लॅमिनेशनही करू नका. ॲसिड नसलेल्या कागदात उभी ठेवा, आणि मागच्या बाजूचे फोटो मला पाठवा. पुढचे नकोत.